हातभर पट्टी

मित्रांनो, हे कोणी खरं मानणार नाही. मानू नका, पण ऐका. मी एक जुनी काळी सायकल आहे, कोलाडच्या महिपतीची, आणि मी विमानाशिवाय सातासमुद्रापार जाऊन आले आहे!

पेणच्या दुकानातून महिपतीने मला कोलाडला आणलं, तेव्हा वारा माझ्या मागून धापा टाकत येत होता. कासूच्या फाटकाशी रोह्याची आगगाडी थांबवून ड्रायव्हर म्हणाला, "आधी तुमी जावा!"

महिपती रोज माझ्यावरून रोह्याच्या कंपनीत शिफ्टला जायचा. दसऱ्याला झेंडूची माळ आधी मला, मग देवाला. त्याची बायको सरू फणकारायची, "सायकलीशीच लगीन लावायचं व्हतं!"

"ती तुज्यासारकी भांडत नाय गो," तो म्हणायचा.

मग रस्ता रुंद झाला. ट्रक वाढले, आम्हा सायकलींच्या वाट्याला कडेची खडी आली. माझ्या कितीतरी मैत्रिणी पडवीत गंजल्या. काही थेट ट्रकखाली गेल्या. महिपतीला गाडी परवडणारी नव्हती आणि शिफ्ट चुकवून चालणार नव्हतं. संध्याकाळी माझी घंटा ऐकू येईपर्यंत सरू अंगणात उभी असायची. घंटा वाजली की आत जाऊन भाकरी थापायची.

अशात एक उंच, गोरा पाहुणा आला. देशोदेशी फिरून सायकलींसाठी रस्त्यात जागा मागणाऱ्या मंडळींपैकी तो होता. चावडीवर त्याने विचारलं, काय हवं? महिपती उठला.

"लय नको, सायब. हातभर द्या."

आणि मिळाली की हो! रस्त्याच्या कडेला गुळगुळीत पट्टी, तिला पांढरी रेघ. महिपतीने सरूला माझ्या कॅरिअरवर बसवून पार वळणापर्यंत फिरवलं. "आता तरी निजशील ना रातची?" म्हणाला. ती हसली. त्या दिवसापासून ती अंगणात उभी राहिली नाही.

पण मित्रांनो, गुळगुळीत, उन्हातली, गाड्या न येणारी जागा रिकामी दिसली, तर आमच्या बायका ती रिकामी ठेवतील का? दिवाळीनंतर शेजारच्या कृष्णाबाईने उकड्या तांदळासाठी उकडलेलं भात पट्टीवर वाळत घातलं. मग तिच्या जावेने, मग साऱ्या आळीने. वळणापर्यंत पट्टी पिवळी झाली.

"कृष्णाबाय, ही वाट हाय गो, खळं नाय!"

"दोन उनं खाऊ दे रं भाताला. तू जरा बाजूनं घे."

बाजूने म्हणजे ट्रकच्या रस्त्याने. भातावरून जायला कोणी अडवलं नव्हतं. पण महिपती ताटाबाहेर सांडलेलं शीतसुद्धा उचलून कपाळाला लावणारा माणूस. तो अन्नावर चाक कसं घालील? त्याने माझं हँडल रस्त्याकडे वळवलं. मागून ट्रक आला.

आणि आम्ही उडालो! ट्रकवरून, कुंडलिकेवरून, समुद्रावरून, थेट त्या पाहुण्याच्या गावात उतरलो. तिथे रस्ते सायकलींचे, आणि मोटारी कडेने चोरासारख्या जातात. राजा स्वतः माझ्या चाकात हवा भरायला आला. महिपतीला म्हणाला, "राहा इथंच, आमच्या पोरांना सायकल शिकव." तो राहिला. खुशाल आहे. मी तेवढी एकटी परत आले, तुम्हाला सांगायला.

तर मित्रांनो, मला तेल घालू नका, पुसू नका, माझं काय ते झालं. पण कुठे अशी हातभर वाट दिसली, तर ती रिकामी राहू द्या. तिच्यावर कोणाची तरी...

"पुरं गो."

पडवीत सूप घेऊन तांदूळ पाखडणारी सरू बोलली. सुपाचा आवाज थांबला होता.

"खोटं हाय. कोन उडालं नाय. तुला मीच उचलली रस्त्यावरनं, आन त्यांनाबी मीच. भातावर चाकाची येक रेघ नव्हती."