दोन्ही उंट काळ्या घरात

यशश्रीने तिसऱ्या पटावरचं प्यादं उचललं, त्या जागी आपला घोडा ठेवला आणि चौथ्या पटाकडे सरकली. तिसऱ्या पटावरचे गृहस्थ प्यादं जिथे होतं तिथेच अजून पाहत होते.

परतूरच्या त्या मंगल कार्यालयात टेबलं घोड्याच्या नालेच्या आकारात मांडली होती. बाहेरच्या बाजूने बारा जण बसलेले, आणि आतून ती एकटी एकेका पटावर चाल करत फिरत होती. प्रत्येक खेळाडूच्या मागे चार-पाच सल्लागार उभे होते आणि ते खेळाडूपेक्षा जास्त खेळत होते. पहिल्या पटावर बाजार समितीचे माजी सभापती होते. त्यांनी चौथ्याच चालीला वजीर घालवला आणि लगेच परत घेतला. त्याचं कुणाला काही वाटलं नाही. सभापतींनी आजवर शब्दही बरेच परत घेतले होते.

"आपल्या परतूरची कन्या," तालुका बुद्धिबळ मंडळाचे सचिव भारत काळदाते माईकवरून सांगत होते, "आज इंटरनॅशनल मास्टर हाय. आन् जुलैमधी सर्बियाहून वापस येताना काय होऊन येणार? ग्रँडमास्टर."

टाळ्या झाल्या. यशश्रीने पाचव्या पटावर हत्ती सरकवला.

ग्रँडमास्टर व्हायचं तर तीन वेगवेगळ्या स्पर्धांत ग्रँडमास्टरच्या तोडीचं खेळून दाखवावं लागतं. अशा प्रत्येक कामगिरीला नॉर्म म्हणतात. यशश्रीचे दोन नॉर्म पंचविशीच्या आत झाले होते. आता ती तेहतीसची होती. तिसरा बुडापेस्टला अर्ध्या गुणाने हुकला, हनोईला अर्ध्या गुणाने हुकला, आणि यंदा मार्चमध्ये बेलग्रेडला हुकला तेव्हा तिने हॉटेलच्या खोलीत येऊन मोजे धुतले, वाळत घातले आणि ती पलंगावर बसली. रडू येईल म्हणून थोडा वेळ वाट पाहिली. आलं नाही. राग तरी येईल, तोही आला नाही. मग ती झोपली. त्याला दोन महिने होऊन गेले.

जुलैला जायचं नाही, एवढं एक वाक्य तिला वडिलांना सांगायचं होतं. एकदा सकाळच्या चहाला तिने सुरुवातही केली होती. "अप्पा, जुलैचं…" यावर जगन्नाथराव म्हणाले होते, "शेंगदाण्याची चटणी यावेळी जास्तीची नेऊ. मागच्या टायमाला पुरली न्हाई." आईने लगेच शेंगदाणे निवडायला घेतले. वाक्य तिथेच राहिलं.

सातव्या पटावर जगन्नाथराव स्वतः बसले होते. तहसीलमधून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालेला हा माणूस आयुष्यभर बंद दाराबाहेर उभा राहिला होता. बुद्धिबळाच्या स्पर्धेत पालकांना हॉलमध्ये थांबू देत नाहीत. नागपूर, चेन्नई, भुवनेश्वर आणि पुढे पुढे परदेशातसुद्धा ते पाण्याची बाटली आणि केळी घेऊन बाहेर थांबत. तिथे इतरही वडील असत. डबे वाटून खात, आणि आपली मुलं रात्री किती शांत झोपतात याबद्दल एकमेकांशी खोटं बोलत. हॉलमधून बाहेर येणाऱ्या पोराच्या चालण्यावरून निकाल ओळखण्यात सगळेच तरबेज होते. सरळ रेषेत आली तर जिंकली, भिंतीच्या कडेने आली तर हरली, असा जगन्नाथरावांचा हिशेब होता.

यशश्रीने नवव्या वर्षी त्यांना हरवलं, आणि त्यानंतर त्यांनी खेळणं सोडून पिशवी धरली. पटावर बसलेल्या लेकीचा चेहरा त्यांनी तेव्हापासून समोरून पाहिला नव्हता. आज भारतने फारच गळ घातली म्हणून ते बसले होते.

पहिल्या काही चाली त्यांनी पटाकडे पाहिलं. मग ते तिच्याकडे पाहायला लागले. ती यायची, मोहरं हलवायची, जायची. मेथी निवडताना तिच्या आईचा, ताराबाईंचा, चेहरा याहून जास्त हलायचा. बंद दाराआड काहीतरी पेटलेलं असतं, अशी इतकी वर्षं त्यांची समजूत होती.

पुढच्या फेरीला ती यायच्या आत त्यांनी पांढऱ्या घरातला आपला उंट उचलला आणि सरळ शेजारच्या काळ्या घरात ठेवला. उंट तिरपा चालतो. पांढऱ्या घरातला उंट जन्मभर पांढऱ्याच घरात राहतो. परतूरच्या पोराटोरांनाही एवढं ठाऊक आहे.

आठव्या पटावर बसलेल्या कचरूशेठ या कापसाच्या अडत्यालाही ते ठाऊक होतं.

"अप्पा, उंट काळ्यावर कसा काय आला?"

"चालत."

"हे बराबर न्हाई."

"तुम्ही तुमचा हत्ती बघा. तो चालला."

यशश्री आली. तिने पट पाहिला, एक प्यादं पुढे ढकललं आणि पुढे गेली.

जगन्नाथरावांना सात वर्षांची यशश्री आठवली. तेव्हा त्यांनी मोहरं ठेवून हात काढला आणि मग चाल बदलली, म्हणून तिने पट उलटा केला होता. रात्री जेवली नव्हती. चाल म्हणजे चाल, असं पांघरुणातून ओरडत होती. त्यांनी समोरच्या पटावर आणखी एक चाल केली, ही नियमाने. ती आली, उत्तर देऊन गेली. उंटाबद्दल चकार शब्द नाही.

हळूहळू बाकीचे पट संपले. कचरूशेठ हत्ती गमावून जेवणाच्या पंगतीकडे गेले. सभापतींनी बरोबरी झाल्याचं परस्पर जाहीर केलं. शेवटी सातवा पट तेवढा उरला, आणि मसालेभाताचा वास आल्यावर सल्लागारही उरले नाहीत.

"यशे."

"हं."

"माझे दोन्ही उंट काळ्या घरात हायेत."

"हो."

"कवा दिसलं?"

"तुम्ही ठेवला तेव्हाच."

"मंग बोलली काहून न्हाईस? बापाचा मान राखून राह्यलीस का?"

"न्हाई." ती पटाकडे पाहत राहिली. "काही वाटलंच न्हाई."

जगन्नाथरावांनी चष्मा काढला, शर्टाच्या टोकाला पुसला, पुन्हा घातला.

"बेलग्रेडला?"

"तिथंही न्हाई."

त्या दिवशी बेलग्रेडच्या दारातून ती अगदी सरळ रेषेत चालत आली होती. पोरगी जिंकली म्हणून त्यांनी एका बल्गेरियन वडिलांना आपलं केळंही देऊन टाकलं होतं.

भारत माईक घेऊन आला. "काका, जेवणं सुरू झालीत, तरी दोन शब्द बोला. जुलैबद्दल बोला."

जगन्नाथरावांनी माईक घेतला. तो चालू आहे का म्हणून त्यावर बोट वाजवलं. आवाज हॉलभर घुमला.

"जुलैत ती सर्बियाला जाणार न्हाई," ते म्हणाले. "घरीच ऱ्हाणार हाय."

आणि त्यांनी माईक परत दिला.

भारतने माईक उलटासुलटा करून पाहिला. पंगतीतून मात्र जोरात टाळ्या आल्या. माईकवरचा माणूस थांबला की टाळ्या वाजवायच्या, हे लोकांना पाठ होतं. सभापतींनी हातातला बुंदीचा लाडू पत्रावळीवर ठेवून टाळी वाजवली.

टाळ्या संपेपर्यंत यशश्री उभीच होती. मग ती टेबलाला वळसा घालून आली आणि कचरूशेठच्या रिकाम्या खुर्चीत, वडिलांच्या शेजारी बसली. सकाळपासून ती बसली नव्हती. तिने चपला काढल्या आणि तळवे खाली टेकवले.

"जेवायला चलतीस?" जगन्नाथरावांनी विचारलं.

"थांबा थोडं," ती म्हणाली. "फरशी गार हाय."