रिकामं फिरलेलं जातं

मित्रांनो, मी एक जुनं जातं आहे. माझा वरचा दगड मोरीशेजारी पालथा पडला आहे आणि खालच्यावर धुणं आपटतात. मला त्याचं वाईट वाटत नाही. दगडाला फारसं काही वाटत नाही. जे थोडं वाटलं, तेवढं आज सांगून टाकावं म्हणतो.

एका वडाराने मला घडवलं आणि तीर्थपुरीच्या बाजारात विकलं. तेव्हा निजामाचं राज्य होतं. रखमाजी नावाच्या शेतकऱ्याने मला गाडीत घालून गावी आणलं, कारण त्याची बायको साळूबाई नुकतीच नांदायला आली होती. तिने मला भिंतीच्या कडेला बसवलं. त्या भिंतीपलीकडे इब्राहीम पिंजाऱ्याचं घर होतं. गावात मुसलमानांची घरं मोजकीच. मशीद तीर्थपुरीला होती आणि तिथली बांग आमच्यापर्यंत पोचत नसे.

रोजा धरायचा तर उजाडण्याआधी खाऊन घ्यावं लागतं. त्याला सहरी म्हणतात. इब्राहीमची बायको हसीना नवी होती तेव्हा एका पहाटे घरात कुणालाच जाग आली नाही आणि सहरी हुकली. तरी दोघांनी रोजा सोडला नाही. दुपारी हसीना आडावर भोवळ येऊन बसली. साळूबाईने तिला घरी आणून सोडलं, काय झालं ते विचारून घेतलं आणि म्हणाली, उद्यापासून माझं जातं ऐकू आलं की उठत जा.

तेव्हापासून रमजानचा चंद्र दिसला की साळूबाई नेहमीपेक्षा लवकर दळायला बसायची. माझी घरघर सुरू झाली की थोड्या वेळात पलीकडे भांडी वाजायची. मग दिवसभर इब्राहीम कापूस पिंजत राही. तंतू घशात जायचे, पण पाण्याचा थेंब घ्यायचा नाही. त्या महिन्यात रखमाजी आपली चिलीम गोठ्यामागे जाऊन ओढायचा. ईदेला हसीना शेवया आणून द्यायची, पण कोऱ्या. त्यांच्या घरचं शिजवलेलं आमच्या घरात चालत नसे. दोन्ही घरांना हे माहीत होतं आणि त्यावर कुणी बोलत नसे. माझं मात्र कौतुक व्हायचं. कचेरीच्या घड्याळापेक्षा आक्काचं जातं बराबर, असं हसीना सगळ्या आळीला सांगायची.

मग एका पावसाळ्यात पटकीची साथ आली आणि साळूबाईचा एकुलता एक मुलगा भुजंग गेला. लहानपणी ती दळत असताना तो तिच्या मांडीवर झोपायचा. सुतकात दळण बंद असतं, म्हणून माझ्यावर धूळ बसली. सुतक फिटलं तरी ती धूळ तशीच राहिली. साळूबाई माझ्याशेजारी भिंतीकडे तोंड करून पडून असे. ती रडत नव्हती. पुढे ठेवलेलं ताट तसंच उचललं जायचं. अशीच राहिली तर हीसुद्धा जाईल, असं रखमाजीने एकदा ओसरीवर इब्राहीमला सांगितलं.

त्यातच रमजान लागला. मी गप्प, म्हणून पलीकडची भांडीही गप्प. पहिली सहरी हुकली. दुसऱ्या पहाटे आमची कडी वाजली. रखमाजीने दार उघडलं तर हातात पेटती चिमणी घेऊन हसीना उभी. जाग येणार नाही या भीतीने ती झोपलीच नव्हती. इतक्या वर्षांत ती ओसरीच्या पुढे आली नव्हती. त्या दिवशी सरळ आत आली, माझ्यापुढे बसली आणि खुंटा धरून मला फिरवू लागली. दाणा एकही टाकला नव्हता.

मित्रांनो, जातं रिकामं फिरवत नाहीत. ते घराला वाईट, असं बायका मानतात. हसीनाच्या घरीही जातं होतं, तिला हे पक्कं ठाऊक होतं. दगडावर दगड घासून माझा कर्कश आवाज निघत होता. ती थांबली नाही.

बऱ्याच वेळाने साळूबाई बोलली. तोंड भिंतीकडेच होतं.

"जातं रिकामं फिरवू न्हाई, हसीना."

"मंग दाणे द्या, आक्का."

साळूबाई तशीच पडून राहिली. मी फिरतच होतो. शेवटी ती उठली, भिंत धरत कणगीपाशी गेली आणि पदरात ज्वारी घेऊन आली. दोघींनी समोरासमोर बसून खुंटा धरला. पीठ निघालं तशी साळूबाईने सवयीने चूल पेटवली, भाकरी थापली आणि अर्धी हसीनाला दिली. दुसरी अर्धी साळूबाईपुढे निवत राहिली.

"आता खा," हसीना म्हणाली. "मंग दिवसभर नका खाऊ. मी बी न्हाई खात. दिवस मावळला की दोघी खाऊ."

साळूबाईने खाल्लं. तिला चव लागली असेल असं मला वाटत नाही.

तो सगळा महिना असाच गेला. पहाटे दळण आणि भाकरी, संध्याकाळी दोघी ओसरीवर दिवस मावळायची वाट बघत बसलेल्या. ईदेच्या सकाळी हसीना दरवर्षीसारखी कोऱ्या शेवयांचं ताट घेऊन दारात आली. साळूबाईने ताटाकडे बघितलं.

"कोऱ्या कशाला आणल्या? शिजवून आण."

हसीनाने रखमाजीकडे पाहिलं. ती शेवया शिजवायला गेल्यावर तो उठला आणि त्याने दोन पाट मांडले.

पुढे चक्की आली आणि माझं काम संपलं. मला उचलून घरात घ्या, असं मी म्हणत नाही. मी जड आहे, जागाही अडवतो. पण मित्रांनो, शेजारच्या घरातून रोज येणारा आवाज एखाद्या पहाटे आला नाही, तर वाट बघत बसू नका. उठा आणि त्यांची कडी वाजवा.