पापडातला मेसोसोम

साताऱ्याची कीर्ती चेन्नईच्या त्या शाळेत दोन वर्षं जीवशास्त्र शिकवत होती, पण नोकरी अजून कच्चीच. पक्की व्हायची तर शाळेच्या मालकीणबाई, राजसबाई, मागच्या बाकावर येऊन बसणार आणि कीर्तीनं नमुन्याचा तास घ्यायचा. नवऱ्याची श्रीपेरुंबुदूरची कंपनी माणसं कमी करत होती, म्हणजे घराची सगळी भिस्त या तासावर. आणि विषय कोणता यावा? जिवाणूची पेशी!

प्रयोगशाळेच्या भिंतीवर त्या पेशीचा तक्ता होता, राजसबाईंच्या वडिलांनी, व्यंकोजी सरांनी, शाळा काढली तेव्हा स्वतः रंगवलेला. दर आयुधपूजेला, म्हणजे आपल्या खंडेनवमीला, सूक्ष्मदर्शकाबरोबर त्यालाही चंदन-कुंकू लागायचं, तेही नेमकं मेसोसोमवर, म्हणजे पेशीच्या पटलाच्या आत वळलेल्या वळकटीवर. त्यावर छडी ठेवली की मुलं एका सुरात म्हणायची, "मेसोसोम! श्वसन आणि विभाजन!" आता जे मुळात नाहीच, त्याला गंध लावायचं म्हणजे हद्द झाली की नाही?

तासाच्या दिवशी राजसबाई मागच्या बाकावर बसल्या, तशी कीर्तीनं बर्नर पेटवला आणि चिमट्यात पापड धरला. पापड आक्रसला, कडा वळल्या.

"या घड्या आधी होत्या का रे?"

"नाही मिस, तुम्ही भाजलात म्हणून आल्या!"

"शाब्बास! सत्तरेक वर्षांपूर्वी इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली बघायला म्हणून जिवाणू रसायनात बुडवले. बिचाऱ्यांच्या पटलाला घड्या पडल्या. शास्त्रज्ञांना वाटलं, नवं अंगच सापडलं! ग्रीकमध्ये मेसो म्हणजे मधलं, सोमा म्हणजे शरीर. झालं, बारसं उरकलं, कामंसुद्धा नेमून दिली. पुढे रसायन न घालता जिवाणू झटकन गोठवून पाहिले, तर घडी गायब! पेपरात आलं तर पुस्तकातलं लिहा, मार्क सोडू नका. पण असं अंग नाही, हे लक्षात ठेवा."

राजसबाई ताडकन उठल्या. "अय्यो! माझ्या अप्पांनी खोटं काढलं म्हणतेस? पोरांपुढं?"

"सरांचं खोटं नव्हतं, मॅडम. तेव्हा सगळ्यांना तसंच दिसत होतं. ठाऊक असून मी तेच शिकवलं, तर ते खोटं. आणि ते माझं."

"माफी माग आणि तक्त्यावरचं पुन्हा शिकव. आत्ताच्या आत्ता पक्की करते तुला."

कीर्तीच्या डोळ्यांपुढे नवऱ्याचा उतरलेला चेहरा आला. तरी तिनं बर्नर विझवला आणि पर्स खांद्याला अडकवली.

"नाही शिकवणार. ठेवा तुमची नोकरी तुमच्यापाशी!"

ती जिन्यावर पोचली. मागे राजसबाई मेसोसोमवर छडी आपटत होत्या. "सांगा रे, काय हे? मोठ्यानं सांगा!"

आणि रोजच्या सवयीनं सगळा वर्ग एका सुरात ओरडला, "पापड, मॅडम!"