हंगामी हाताने उतरवलेला निकाल

कोर्टात तिला सगळे बदलीबाई म्हणत. जुन्या स्टेनोबाई बाळंतपणाच्या रजेवर गेल्या, तेव्हा कुणाच्या तरी ओळखीने ही चार दिवसांसाठी आली. ना जाहिरात, ना परीक्षा. त्या स्टेनोबाईंचं बाळ आता कॉलेजात जातं आणि बदलीबाई अजून बदलीच! मधूनच तिला एक दिवस घरी बसवायचे, म्हणजे नोकरी सलग धरली जाऊ नये, आणि दुसऱ्या दिवशी नवा आदेश हातात ठेवायचे. संध्याकाळी दार उघडतानाच आई विचारायची, "झालीस का गं पक्की?"

आज त्याचाच निकाल होता. सरकारी कचेऱ्यांतल्या सगळ्या हंगामी लोकांनी मिळून दाद मागितली होती आणि प्रकरण नेमकं तिच्याच साहेबांपुढे आलं होतं. हरले तर सगळे घरी, तीसुद्धा. साहेब निकाल भर कोर्टात तोंडी सांगत आणि उतरवून घ्यायची ती. सकाळीच तिने शिरस्तेदारांना गाठलं.

"काका, साहेबांना सांगा ना, मीही त्यातलीच आहे. दुसरं कुणीतरी बसवा."

"सांगितलं. दोन्हीकडच्या वकिलांची हरकत नाही. साहेब म्हणाले, बोलणार मी, त्या फक्त लिहिणार. बसा आता, उगाच जीव टांगणीला लावू नका."

उगाच म्हणे! मागच्या बाकांवर झाडूवाल्या, ड्रायव्हर, दवाखान्यातल्या नर्सेस दाटीवाटीने बसल्या होत्या, आणि ती त्यांच्याकडे पाठ करून, मांडीवर वही घेऊन.

साहेब बोलू लागले. एरवी तिचा हात चालायचा आणि अर्थ कानावरून निघून जायचा. आज एकेक शब्द आत उतरत होता. जाहिरात न देता केलेली नेमणूक कितीही वर्षं चालली, तरी तिच्यामुळे पदावर हक्क मिळत नाही. ज्यांना अर्ज करायची संधीच मिळाली नाही, त्यांचाही विचार कोर्टाला करावा लागतो.

तिला राग यायला हवा होता. पण ते खरंच होतं. ती ओळखीने आली होती. दुसऱ्या कुणाला तर दारही दिसलं नव्हतं. स्वतःच्याच पोटावर पाय देणारं वाक्य तिने काना-मात्रा न चुकवता उतरवलं.

"तथापि," साहेब म्हणाले, आणि पाणी प्यायले.

हा शब्द तिने आयुष्यभर लिहिला होता. त्याची एवढी धास्ती कधी वाटली नव्हती. पेन्सिल तशीच टेकलेली राहिली.

"तथापि, शासनाने काम कायम ठेवलं आणि माणसं तेवढी हंगामी ठेवली. हे न्याय्य नाही. शासनाने वर्षभरात रीतसर भरती करावी. या सर्वांना वयाची अट माफ करून परीक्षेला बसू द्यावं. केलेल्या सेवेचे गुण द्यावेत. तोवर कुणालाही काढू नये." मग ते तिच्याकडे वळले. "बाई, वाचून दाखवा."

ती उभी राहिली.  तिच्या शॉर्टहँडच्या त्या वाकड्यातिकड्या खुणा दुसऱ्या कुणाला लागणाऱ्या नव्हत्या. एवढ्या माणसांची भाकरी या घडीला आपल्या हातातल्या पानावर आहे, या विचाराने तिच्या अंगावर काटा आला. भीतीचा नव्हे. एक माणूस बोलतो आणि उद्यापासून सरकारला तसं वागावं लागतं! रोज डोळ्यांदेखत घडणारी ही गोष्ट तिला आज पहिल्यांदा दिसली. तिने सगळं वाचलं, पोटावर पाय देणाऱ्या वाक्यासकट. आवाज फक्त 'तथापि'पाशी हलला. साहेबांनी मान खाली घालून ते ऐकून घेतलं.

टाइप करून सही होईपर्यंत संध्याकाळ झाली. आईने दार उघडलं.

"झालीस का पक्की?"

"नाही गं. पण काढणार नाहीत. परीक्षा द्यायचीय."

"या वयात?"

"वय माफ केलंय."

आईला सरकारच्या तोंडी आश्वासनांचा दांडगा अनुभव होता. तिने चौकट सोडली नाही.

"नुसतं बोलले, की लिहून दिलंय?"

"लिहून दिलंय, आई," ती म्हणाली आणि तिला रडू फुटलं. "मीच लिहिलंय."