चौथीतला गोम्पेई

कुत्सुकाके मिनेको बासष्ट वर्षांच्या होत्या आणि गेली एकोणतीस वर्षं चौथीत होत्या.

दर रविवारी संध्याकाळी टीव्हीवरच्या कार्टूनमध्ये गोम्पेई नावाचा दहा वर्षांचा कार्टा बाहीला नाक पुसत यायचा, शेजाऱ्यांच्या झाडावरची पर्सिमनची फळं चोरायचा, पकडला जायचा आणि पुढच्या रविवारी पुन्हा चोरायला मोकळा व्हायचा. चित्रं काढणारे तीनदा बदलले, शेजाऱ्याचा आवाज देणारे दोन गृहस्थ देवाघरी गेले. गोम्पेईचा आवाज मात्र मिनेकोबाईंचाच राहिला. मुलग्यांचे आवाज बायकांनी द्यायचे, ही त्या धंद्यातली रीतच आहे. खऱ्या मुलाचा आवाज ऐन रंगात आला की फुटतो. मिनेकोबाईंचे गुडघे कुरकुरायला लागले होते, पण आवाजाला अजून मिसरूड फुटलं नव्हतं.

एप्रिलमधल्या एका मंगळवारी कामं मिळवून देणाऱ्या एजन्सीच्या नुनोकावाचा फोन आला. त्याने सुरुवातीलाच तीनदा माफी मागितली.

"कोण गेलं?" मिनेकोबाईंनी विचारलं.

"कुणी नाही हो. मालिका नव्याने काढतायत. कुरुसु-सान म्हणून नवे दिग्दर्शक आहेत, एकतीस वर्षांचे. सगळ्या भूमिकांसाठी आवाजाची चाचणी घेणार म्हणतात."

"घेऊ देत की. गोम्पेईसाठी कोण कोण येतंय?"

"सहा जणी." नुनोकावाने चौथ्यांदा माफी मागितली. "त्यातल्या एक तुम्ही."

त्यांचे यजमान शिगेमित्सु हे निवृत्त पोस्टमन. आयुष्यभर दुसऱ्यांच्या बातम्या निर्विकार चेहऱ्याने पोचवल्यामुळे त्यांचा चेहरा कायमचाच तसा झाला होता. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हणजे आपल्याच दाराची बेल वाजवून विचारायचं, मी इथे राहते का?"

"हसू नका हो. गोम्पेई गेला तर माझ्याकडे उरतंय काय?"

दोघांनीही स्वयंपाकघराकडे पाहिलं. ऐन तिशीत मिनेकोबाईंनी एका भाताच्या कुकरला आवाज दिला होता. तो कुकर त्यांच्या ओट्यावर अजून होता आणि रोज संध्याकाळी अतिशय गोड आवाजात सांगायचा, "भात शिजला आहे." अडतीस वर्षांच्या कारकिर्दीतून गोम्पेई वजा केला की बाकी राहत होती ती एवढीच.

चाचणीच्या आदल्या दिवशी नुनोकावाने सल्ला दिला. "जरा नीटनेटकं या. नवे लोक काचेपलीकडून बघतात." मिनेकोबाई कामाला कायम गुडघ्यात फुगा आलेल्या सुती विजार-सदऱ्यात जायच्या. त्यांनी कपाट उपसलं आणि भाच्याच्या लग्नातला जांभळा रेशमी झगा काढला.

आता, माइकपुढे सळसळणारे कपडे घालायचे नाहीत, बांगड्या घालायच्या नाहीत आणि उपाशी पोटी जायचं नाही, हा या धंद्यातला पहिला धडा. आवाजाच्या शाळेत तो बारा वर्षं शिकवत कोण होतं? मिनेकोबाईच. पण भीती मोठी चीज. ती आधी शिक्षकाचं डोकं खाते.

स्टुडिओत केव्हाही गेलं तरी सगळे एकमेकांना सुप्रभातच म्हणतात. त्या दिवशी योगायोगाने खरंच सकाळ होती. दाराजवळच्या खुर्चीवर, म्हणजे सर्वांत नवख्या माणसाच्या जागेवर, चोवीस वर्षांची हिनात्सु बसली होती. ती मिनेकोबाईंची विद्यार्थिनी. अंगात राखाडी सुती विजार-सदरा, अगदी बाईंसारखा. तीही गोम्पेईसाठीच आली होती.

"सुप्रभात, बाई!" ती ताडकन उठली आणि झग्याकडे बघतच राहिली. "लग्नाला निघालात?"

"निरोप समारंभाला. माझ्याच."

मिनेकोबाईंचं नाव पुकारलं गेलं. प्रवेश असा होता: गोम्पेई झाडावर अडकलाय आणि खाली शेजारी काठी घेऊन उभा आहे. मिनेकोबाईंनी श्वास घेतला. झग्यानेही घेतला. सर्रर्र.

"कागद वाजतोय का?" काचेपलीकडच्या ध्वनिमुद्रकाने विचारलं.

"नाही. मी वाजतेय."

दुसऱ्या खेपेला त्या पुतळ्यासारख्या उभ्या राहिल्या. झगा गप्प बसला आणि त्याच्याबरोबर गोम्पेईही. झाडावरून जो आवाज आला तो पतपेढीच्या अध्यक्षाचा वाटत होता. त्याने पर्सिमन चोरले नसते, ठराव मांडून मंजूर करून घेतले असते. एकोणतीस वर्षं त्या नाचून, उड्या मारून, हात झाडून बोलत आल्या होत्या. गोम्पेई त्यांच्या गळ्यात राहतच नव्हता. तो गुडघ्यात राहायचा.

"छान," स्पीकरमधून कुरुसुचा आवाज आला. "धन्यवाद."

त्या धंद्यात एवढ्या थोडक्यात 'छान, धन्यवाद' ऐकू आलं की माणसं घरी निघायला निमूटपणे आपली छत्री शोधायला लागतात.

"पाच मिनिटं द्या," मिनेकोबाई म्हणाल्या. अडतीस वर्षांत त्यांनी कुणाकडे एक मिनिट मागितलं नव्हतं. आणि काचेपलीकडून उत्तर यायच्या आत त्या सळसळत बाहेर पडल्या.

"बाई," हिनात्सु हळूच म्हणाली, "पहिला धडा?"

"माहितेय गं. मीच शिकवलाय."

"मग चला." तिने त्यांना हाताला धरून प्रसाधनगृहात नेलं आणि सदरा काढायला सुरुवात केली.

"वेडी का तू? माझ्यानंतर तुझाच नंबर आहे!"

"मग काय, परत बदलू. हात वर करा."

"आणि मीच जिंकले तर?"

"तर मला नूडल्स खायला घाला. मोठा वाडगा. बाई, हात वर!"

हिनात्सुने झगा चढवला, पाठीमागची चेन ओढली आणि ती अर्ध्यावर अडकली. वरही जाईना, खालीही येईना. "जा तुम्ही," हिनात्सु म्हणाली. "माझं मी बघते. बहुतेक कात्रीने."

विजार वीतभर लांब होत होती. मिनेकोबाईंनी ती खालून दुमडली, बाह्या वर सारल्या आणि आत गेल्या. कुरुसुला काचेतून जे दिसलं ते शाळा बुडवून आलेलं पोर होतं. या खेपेला गोम्पेई झाडावर लटकला, शेजाऱ्याला वाकुल्या दाखवल्या आणि दाणकन उडी मारली. उडी मारताना मिनेकोबाईंचा उजवा गुडघा कडाड्कन वाजला. माइकने तो इमानेइतबारे टिपला.

"तुमची फांदी मोडली, काका!" गोम्पेई क्षणाचाही विलंब न लावता ओरडला. "मी नाही मोडली! तीच म्हातारी होती!"

मग स्पीकर खरखरला.

"मिनेको-सान, मी तुमच्याबरोबर चौथीत होतो."

"मग?"

"मी पास झालो."

"गद्दार!" गोम्पेई म्हणाला. ध्वनिमुद्रक खुर्चीतून घसरला. कुरुसु मात्र फक्त "कळवतो" म्हणाला.

पुढचा नंबर हिनात्सुचा. ती जांभळ्या झग्यात, पाठ भिंतीकडे ठेवून, सर्रसर्र करत आत गेली. तिच्या गोम्पेईचं काय झालं हे तिने कुणाला सांगितलं नाही. विचारलं की म्हणायची, "वाजला."

नऊ दिवसांनी नुनोकावाचा फोन आला. माफ्या पाच झाल्या. मिनेकोबाई खाली बसल्या.

"गोम्पेई तुमचाच."

"मग माफी कसली मागतोस, मेल्या?"

"त्याला पाचवीत घालतायत हो. कुरुसु-सान म्हणाले, एकोणतीस वर्षं फार झाली. आणि पाचवीला नवीन बाई आहेत, फार कडक, रेशमी कपड्यात सळसळत येणाऱ्या. वर्गात शिरायच्या आधीच पोरं गप्प होतात. ते काम हिनात्सुला दिलंय. झग्यासकट."

मिनेकोबाईंनी फोन ठेवला. आता दर रविवारी हिनात्सु त्यांना ओरडणार होती, आणि त्यांनी तिला बाई म्हणायचं होतं. त्यांना इतकं हसू आलं की गुडघा दुखला.

शिगेमित्सुंनी तार वाचावी तशी ती बातमी ऐकली. मग उठून मिनेकोबाईंपुढे कमरेत वाकले. "अभिनंदन. पोरगं पास झालं." आणि लाल चवळ्या धुवायला घेतल्या, कारण घरात कुणी वरच्या वर्गात गेलं की लाल भात करायचाच असतो.

संध्याकाळी ओट्यावरून एक गोड, तिशीतला आवाज आला. "भात शिजला आहे."

"ऐकलं!" गोम्पेई आतल्या खोलीतून ओरडला. "आधी मला वाढा! मी पाचवीत आहे!"