निशिगोरींच्या डोक्यावरची खोक

मेल्या म्हशीला मणभर दूध, हे तोमेलाही ठाऊक होतं. पण अख्ख्या गल्लीतली एकूण एक म्हैस दुभती निघावी म्हणजे जरा अतीच झालं.

सकाळपासून देवळाच्या सभागृहात हाच प्रकार चालला होता. चटयांवर दारापासून खिडकीपर्यंत मोठा थोरला कागद अंथरलेला, आणि त्याच्याभोवती कुशिया गल्लीतली उरलीसुरली माणसं गुडघे मोडून बसलेली. गल्ली स्वतः बावीस वर्षांपूर्वी ऑगस्टातल्या एका सकाळी बॉम्बबरोबर गेली. तिथे आता हिरवळ होती, झाडं होती, फोटो काढणारे पाहुणे होते, आणि जिथे तोमेचं त्सुरुयू नावाचं सार्वजनिक न्हाणीघर होतं, बरोब्बर तिथे 'गवतावर चालू नये' अशी पाटी होती.

"वीस वर्षं मी त्या जागेवर सगळ्या गल्लीला नागडं केलं," तोमे सांगायची. "आता मलाच पाय ठेवायची चोरी."

तेव्हा गल्ली निदान कागदावर तरी उभी करायची, असं ठरलं होतं. ज्याला जे आठवेल ते त्याने सांगायचं, घरागणिक एक चौकोन काढायचा, चौकोनात नाव आणि खाली त्या माणसांबद्दल एखादी ओळ. काम पुण्याचं होतं, आणि पुण्याच्या कामात होतात तशी भांडणंही भरपूर होती.

"आमच्या आणि न्हाव्याच्या दुकानाच्या मधे बोळ होता," फुमी म्हणाली. फुमी म्हणजे टोफूवाल्याची मुलगी, आता स्वतःच पन्नाशीची.

"बोळ कसला? गटार होतं ते," तोमे म्हणाली. "तुझा बाप रोज त्यात आडवा व्हायचा, म्हणून तुम्हाला तो बोळ वाटायचा."

फुमी तोंडावर हात धरून हसली. अध्यक्ष हसले नाहीत.

अध्यक्ष म्हणजे निशिगोरी. मेणबत्त्या आणि उदबत्त्यांचे व्यापारी, वय पासष्टीच्या पुढे, डोक्याचा पार तुळतुळीत गोटा, आणि त्या गोट्यावर बरोबर टाळूला चांगली दोन बोटं लांब जुनी खोक. ती खोक सगळ्या शहराला माहीत होती. दर ऑगस्टात निशिगोरी शाळांमधून त्या दिवसाची हकिगत सांगायला जायचे, आणि शेवटी डोकं पुढे करून ती पोरांना दाखवायचे. घराचा वासा पडला तो इथे. पोरं गप्प व्हायची, बाई डोळे पुसायच्या. सभेतसुद्धा चहाचा पहिला पेला त्या खोकेचा मान म्हणून निशिगोरींनाच मिळायचा.

"गेलेल्या माणसांबद्दल चांगलंच लिहायचं," असा त्यांचा दंडक होता. त्यामुळे ब्रश हातात घेऊन ते प्रत्येक चौकोनात एकच ओळ उतरवत होते: शांत, कष्टाळू, हसतमुख.

"सगळी गल्ली जर एवढी शांत होती," तोमे म्हणाली, "तर माझ्या कानाचे पडदे काय मुंग्यांनी फाडले?"

"तोमेसान, जरा वेळेचं भान ठेवा."

"तेच ठेवतेय. सत्तरी आली माझी. मी गेल्यावर माझ्याही नावाखाली 'शांत' लिहाल, म्हणून आत्ताच सांगून ठेवते."

एवढ्यात दारात एक तरुण येऊन उभा राहिला. अंगावर ट्राम चालवणाऱ्याचा गणवेश, टोपी हातात. वाकून नमस्कार करून म्हणाला, "मी केनसाकु कुवाबारा. इथे आमचं घर होतं म्हणे. वडील लाकडी चपला करायचे."

सगळ्यांनी सरकून जागा करून दिली. तो कागदाच्या कडेला बसला आणि एका दमात बोलून मोकळा झाला, घरून पाठ करून आल्यासारखा. पाच वर्षांचा असताना त्याला डोंगरात काकाकडे पाठवलं होतं, म्हणून तो वाचला. आईवडील दोघंही गेले. काकाला त्याची आई कधी आवडली नव्हती, त्यामुळे तो तिचं नाव काढायचा नाही, आणि फोटो म्हणाल तर एकसुद्धा नाही.

"मला मुलगी झालीय," तो म्हणाला. "तीन महिन्यांची आहे. दिवसभर किंचाळते. बायको विचारते, ही कुणावर गेली? तिच्या माहेरची माणसं सगळी गोगलगायी. मी रोज ट्राम घेऊन त्या हिरवळीजवळून जातो, आणि मला हेसुद्धा सांगता येत नाही की माझी आई कशी होती. काहीही सांगा. काहीही चालेल."

सभागृहात चुळबुळ झाली. निशिगोरींनी ब्रश शाईत बुडवला, हिरवळीच्या कोपऱ्याला येईल असा एक चौकोन काढला आणि सुबक अक्षरात लिहिलं: हात्सुए कुवाबारा. शांत, कष्टाळू, हसतमुख.

पोरगा वाचायला पुढे झुकला. चेहरा उजळला. मग त्याने शेजारचा चौकोन वाचला. त्याच्या पलीकडचा वाचला. त्याच्याही पलीकडचा वाचला. मग "फार उपकार झाले," म्हणून त्याने कपाळ चटईला टेकवलं आणि उठला.

तोमेने त्याची पाठ पाहिली. न्हाणीघराच्या मधोमध उंच गल्ल्यावर बसून एका बाजूला पुरुष आणि एका बाजूला बायका, अशा तिने वीस वर्षं पाठी बघितल्या होत्या. पाठ दिसली की ती घराणं सांगायची. ही पाठ तिने एवढीशी असताना पाहिली होती, आईच्या मांडीवर पालथी, साबणाच्या फेसात, आणि भोकाड पसरलेली.

तिने निशिगोरींकडे पाहिलं. निशिगोरी चहाच्या पेल्यात बघत होते. चहात बघण्यासारखं काही नव्हतं.

कारण ती खोक कशाने पडली, हे आता जगात दोघांनाच माहीत होतं. एक ज्याचं डोकं तो, आणि दुसरी जिने तेव्हा टॉवेल दाबून धरला ती. वासा नाही, बॉम्ब नाही. बॉम्ब पडला तेव्हा निशिगोरी मेण आणायला बाहेरगावी गेले होते. दुसऱ्या दिवशी परतले तेव्हा घर नव्हतं, बायको नव्हती, दोन मुली नव्हत्या. त्यांच्या स्वतःच्या अंगावर मात्र साधा ओरखडा नव्हता.

ते शाळेत काय सांगतात, हे तोमेने पहिल्यांदा ऐकलं तेव्हा तिला हसू फुटलं होतं. पण झाकली मूठ सव्वा लाखाची, म्हणून ती गप्प राहिली. आणि उपकारही होते. बॉम्ब पडला त्याच वर्षीच्या हिवाळ्यात, उवांनी आणि राखेने माणसं हैराण झालेली असताना, ह्याच निशिगोरींनी कुठून तरी तेलाचं रिकामं पिंप पैदा केलं होतं, जळके वासे गोळा केले होते, पाणी वाहून आणलं होतं, आणि मोकळ्या आभाळाखाली तोमेला परत न्हाणीघर थाटून दिलं होतं. मध्ये आडोसा म्हणून लष्करी घोंगडी टांगलेली. राखेच्या त्या मैदानात पहिल्यांदा कढत पाण्यात उतरलेली माणसं ढसाढसा रडली होती. असल्या माणसाला चारचौघांत उघडं कसं पाडायचं? तोमेने माणसं आयुष्यभर उघडीच पाहिली होती, पण ती त्यांनी स्वतः कपडे काढल्यावर.

पोरगा दारापर्यंत पोचला. चपला पायात घालू लागला.

"ए कुवाबारा!" तोमे ओरडली. "ये, बस खाली. कोण शांत? तुझी आई? अरे, तुझी आई न्हाणीघरात शिरली की भिंतीवरची पाल बाहेर पडायची!"

"तोमेसान!" निशिगोरी म्हणाले.

"तुम्ही लिहा तुमचं. मी ह्याच्याशी बोलतेय." पोरगा एक चप्पल हातात घेऊनच परत येऊन बसला होता. "ऐक. आवाज असा, की ती बायकांच्या बाजूला गायला लागली की पुरुषांच्या बाजूची माणसं डोकी पाण्यात बुडवायची. सगळ्यात कढत पाणी तिला पाहिजे. माझ्याशी रोज वाद. आणि तुझा बाप म्हणजे देवमाणूस, पण साबण विसरायचा. दोघांत साबण एकच. आधी ती लावणार, मग तो मधल्या भिंतीपलीकडून ओरडणार, 'हात्सुए, साबण!' की ही इकडून भिंतीवरून भिरकावणार. न बघता. तो कायम तिसऱ्या नळाशी बसायचा, म्हणून नेम ठरलेला."

"न बघता?" पोरगा म्हणाला.

"न बघता. आणि डबीसकट. पितळेची डबी होती, माहेरची. लढाईला धातू हवा म्हणून सरकारने देवळाची घंटासुद्धा नेली, पण तुझ्या आईची डबी काही कुणाला सापडली नाही. तर एक दिवस झालं काय, तुझा बाप आला उशिरा आणि तिसऱ्या नळाशी बसला होता भलताच माणूस. डोक्याला फेस, डोळे मिटलेले, मजेत गुणगुणतोय. तुझा बाप दारातूनच ओरडला, 'हात्सुए, साबण!' आणि आली डबी."

"बाप रे!" फुमी म्हणाली.

"फेस लाल. आरडाओरडा. दुसरी असती तर भिंतीआडून पाया पडली असती. ही काय म्हणाली? म्हणाली, 'तिथे बसायला कुणी सांगितलं? ती आमची जागा आहे!'"

सभागृह खदखदून हसलं. सगळ्यात मोठ्याने हसला तो पोरगा. गणवेशाच्या बाहीने डोळे पुसत पुसत हसला. "मग? कुणाला लागली ती?"

आणि तोमे अडकली. जिला गल्लीतल्या प्रत्येकाच्या पाठीवरचा तीळ आठवत होता, ती म्हणाली, "होता एक. नाव नाही लक्षात."

"गेला का तो पण?"

पोरगा एकेकाकडे बघत होता. आईची ती एक गोष्ट हातात आली होती, आणि तिला साक्षीदार म्हणून एक म्हातारी, तीही चेष्टेखोर म्हणून गावभर प्रसिद्ध. त्याचं हसू हळूहळू उतरायला लागलं.

"गेला नाही," निशिगोरी म्हणाले. "चहा पितोय."

त्यांनी पेला खाली ठेवला आणि डोकं पुढे केलं, शाळेत करतात तसं.

"अहो, पण तो तर वासा..." फुमी पुटपुटली.

"वासा नव्हता." निशिगोरी मान खाली घालूनच बोलत होते. "पोरं विचारतात, आजोबा, तुम्हाला कुठे लागलं? काय दाखवू? माझ्या तिघी गेल्या आणि मला काही झालं नाही. काही न झालेल्या माणसाचं कोण ऐकतं? मलाच माझी लाज वाटायची. एकदा डोकं पुढे केलं, मग दर वर्षी तेच करत राहिलो."

तोमेला रडू आवरेना, आणि रडू आलं की तिला रागच यायचा. "खोक तर खरीच आहे ना?" ती सगळ्यांवर खेकसली. "रक्त खरंच आलं होतं. माझे दोन टॉवेल वाया गेले!"

पोरगा गुडघ्यांवर सरकत निशिगोरींपाशी आला. "हात लावू?"

"लाव."

त्याने त्या खोकेवरून एक बोट फिरवलं, या टोकापासून त्या टोकापर्यंत. मग परत फिरवलं. "केवढी खोल आहे," तो म्हणाला, आणि त्याच्या आवाजात शुद्ध अभिमान होता.

"खोल असणारच!" निशिगोरींचा आवाज एकदम चढला. "दोन वर्षं दुखत होतं! आणि माफी? नाव नको. समोरून आली की उलट तीच माझ्याकडे रागाने बघायची." त्यांनी ब्रश उचलला आणि हात्सुएच्या चौकोनातल्या 'शांत'वर जाडजूड काट मारली. थोडा विचार करून 'हसतमुख'वरही मारली.

दुसऱ्या दिवशी सकाळी तोमे निशिगोरींच्या दुकानात उदबत्ती घ्यायला गेली. घरी उदबत्तीचे तीन पुडे पडून होते, पण ते असो.

"आता शाळेत काय सांगणार?" तिने विचारलं.

"साबणाची डबी."

"पोरं हसतील."

"हसू देत. मग सांगेन, ती बाई त्या सकाळी गेली."

तेवढ्यात दार सरकलं. केनसाकु गणवेशात, हातात रुमालात बांधलेला मांजू मिठाईचा खोका. आत आला, गुडघे टेकले, खोका दोन्ही हातांनी पुढे सरकवला आणि कपाळ जमिनीला लावलं. घरातल्या माणसाने दुसऱ्याचा अपराध केला की जसं जायचं असतं, तसाच रीतसर आला होता.

"आमच्या आईने आपल्याला फार त्रास दिला," तो म्हणाला. "तिच्या वतीने मी माफी मागतो."

आयुष्यात पहिल्यांदा त्याला आईसाठी काही करायला मिळालं होतं. त्याचे खांदे हलत होते. तोमेने तोंड फिरवून उदबत्त्यांचा भाव वाचायला सुरुवात केली.

निशिगोरींनी त्याला अजिबात घाईने उठवलं नाही. ताठ बसले, घसा खाकरला, आणि पंचवीस वर्षं तुंबलेलं सगळं बाहेर काढलं: शेजारधर्म काय असतो, पितळेची वस्तू कुणी फेकतं का, फेकायची तर निदान आधी हाक मारावी. पोरगा प्रत्येक वाक्याला "हो जी," "चुकलंच," म्हणत राहिला. शेवटी निशिगोरी दमले. खोका उघडून त्यांनी देव्हाऱ्यापुढे बायकोला एक मांजू ठेवला, मुलींना एकेक ठेवला, आणि अंमळ थांबून चौथा ठेवला.

"हा तुझ्या आईला. माफ केलं म्हणून सांग," ते म्हणाले. "पण एक लक्षात ठेव. न्हाणीघरातला नळ कुणाच्या बापाचा नसतो."

केनसाकुने कपाळ उचललं. डोळे लाल, नाक वाहतंय, पण हनुवटी वर.

"त्रास दिला हे खरं," तो म्हणाला. "पण ती जागा आमचीच होती."

निशिगोरींचा हात आपोआप डोक्यावरच्या खोकेकडे गेला.

"घ्या!" तोमे म्हणाली. "आता जाऊन सांग तुझ्या बायकोला, पोरगी कुणावर गेलीय ते."