चटईवर कोण निजणार

माझा नवरा देल्फिन मेलेल्यांच्या गाण्यांवर जगतो, असं मी बायकांत म्हणते तेव्हा त्या छातीवर क्रूस काढतात. पण खोटं काय त्यात? आमच्या बेटावरच्या वाराय भाषेत तो कविता लिहितो, रविवारी ताक्लोबानच्या रेडिओवर वाचतो, आणि बाकीचा आठवडा म्हाताऱ्याकोताऱ्यांच्या तोंडची कोडी, कहाण्या, पेरणीची गाणी गोळा करत हिंडतो. घर चालतं माझ्या लव्हाळ्याच्या चटयांवर. "आम्ही दोघंही विणकरच, मी शब्द विणतो, ही लव्हाळं," असं तो पाहुण्यांना सांगतो. लव्हाळं विकलं जातं, एवढं मी पुढे जोडते.

त्याने गोळा केलेल्या सगळ्यात एक गोष्ट नव्हती: विलाप. नदीच्या वरच्या अंगाला राहणारी आपोय पेत्रा, साऱ्या पंचक्रोशीची आजी, ही विलाप गाणारी शेवटची बाई. मेलेल्याचं नाव घेऊन ती त्याला वाट सांगायची. कुठल्या वळणावर थांब, कुठलं पाणी पिऊ नकोस, पलीकडे न्यायला कोण येईल. हल्ली मयताच्या घरी स्पीकर लावतात आणि राजधानीकडच्या तागालोग सिनेमातली गाणी वाजवतात. पेत्राला कुणी बोलवेना. त्यात तिला विसर पडायला लागला. मागच्या खेपेला तिने देल्फिनला त्याच्या बापाच्या नावाने हाक मारली आणि माडी आणली का म्हणून विचारलं.

मढं समोर असल्याशिवाय ती गायची नाही. देल्फिन गयावया करायचा, "नुसतं म्हणून दाखव ना, आपोय."

"वाट सांगू कुणाला? तुझ्या त्या डबीला?" ओठांचा चंबू करून ती त्यानेच त्याच्या रेकॉर्डरकडे खूण करायची.

मग एके दिवशी तो मला म्हणाला, "प्रोसिंग, एक नवी चटई घे. आपोयला देऊन येऊ." मला बरं वाटलं. होडीतून गेलो, दुपारी पोचलो. घरात शिरल्या शिरल्या त्याने चटई अंथरली, चपला काढल्या आणि पाय दाराकडे करून सरळ आडवा झाला. हात छातीवर.

"गा, आपोय. मी मेलो."

पेत्राने तोंडातली सुपारी या गालातून त्या गालात नेली. "मढ्याचं पोट हलतंय," ती म्हणाली.

मी हसले. तर ती माझ्याकडे वळली. "मी काय, गाईन. पण आधी हिने म्हणायला हवं."

तेव्हा मला कळलं की चटई हे निमित्त होतं. आणायचं होतं ते मला. विधवेने केस सोडून उशाशी बसायचं आणि म्हणायचं, "हा गेला. याला वाट सांग." त्याशिवाय विलाप सुरूच होत नाही. आणि एकदा सुरू झाला की थांबत नाही. काढलेली माडी जशी परत झाडात घालता येत नाही, तसं. जिवंत माणसाला वाट सांगितली तर जीव ती धरतो, असं आमच्याकडे मानतात. नुकतीच देल्फिनच्या छातीत कळ येऊन गेली होती. डॉक्टरांनी जिनेसुद्धा चढू नका म्हणून सांगितलं होतं.

"बोल ना, प्रोसिंग. दोन वाक्यं तर आहेत."

"तुझी छाती..."

"छातीचं डॉक्टर बघतील. ही विसरली की संपलं सगळं. परवा हिला पोटच्या पोरीचं नाव आठवेना." पेत्रा तिथेच बसली होती, तिनेही मान डोलावून हो म्हटलं. "आणि तू कधीपासून मानायला लागलीस असलं? आपण तर हसतो यावर."

"अजून हसते. पण म्हणणार नाही."

"म्हणजे मानतेस."

"भुतं दिसत नाहीत मला, देल्फिन. म्हणून काय त्यांना जेवायला बोलवू?"

तो उठून बसला. त्याचे डोळे भरले होते. स्वतःची आई गेली तेव्हाही मी त्याला असं बघितलं नव्हतं. कितीतरी पिढ्या जी वाट चालून गेल्या ती आता बुडणार, आणि बुडवणारी मी. हे कसं सोसायचं?

"ऊठ," मी म्हटलं. "मी निजते. माझी छाती ठणठणीत आहे. तू म्हण. आपोय, नवऱ्याने म्हटलं तर चालतं ना?"

"चालतं की. पुरुष काय विधुर होत नाहीत?" ती म्हणाली. "केस सोडायचे असतात, पण याच्याकडे सोडायला आहेत कुठे!"

देल्फिनच्या तोंडावर उजेड आला. त्याने रेकॉर्डर चालू केला. मी आडवी झाले. वरच्या शाकारणीतून उन्हाचे कवडसे पडत होते. तो उशाशी येऊन बसला.

"ही..." तो म्हणाला आणि खाकरला. "ही गे..."

रेडिओवर तासभर पाणी न पिता बोलणारा माणूस. खांबांवरच्या घराखाली बांधलेलं डुक्कर घुरघुरलं. पेत्राने डोळे मिटले होते, तोंड उघडलं होतं, लाल जीभ मला खालून दिसत होती. पहिला शब्द तिच्या ओठांवर येऊन बसला होता. आम्ही तिघंही थांबलो.

खट्. त्याने रेकॉर्डर बंद केला.

पेत्राने तोंड मिटलं. ज्या पाहुण्याची वाट बघितली तो आलाच नाही, तसं ती दाराकडे बघत राहिली. मग म्हणाली, "सुकी मासळी आहे, भात आहे. जेवून जा."

परतीच्या होडीत तो माझ्याकडे पाठ करून बसला.

ईस्टरच्या आधीच पेत्रा गेली. तिच्या अंगणातही स्पीकर होता. तिला वाट सांगणारं कुणी नव्हतं. तिची मुलगी देल्फिनला म्हणाली, "मानो दादा, तुम्हाला एवढं सगळं येतं. तुम्ही तरी म्हणा काही." स्पीकर बंद करवून त्याने स्वतःची कविता म्हटली. चांगली होती, बायका रडल्या. पण तिच्यात वाट नव्हती. ते त्यालाही कळत होतं, म्हणता म्हणता त्याचा आवाज बसत गेला.

घरी येताना नदीच्या मध्यावर तो म्हणाला, "त्या दिवशी मला म्हणवणार नाही, हे तुला माहीत होतं. म्हणूनच निजलीस."

"नव्हतं माहीत," मी म्हटलं. "तू म्हणशील, या भीतीने मी तिथे गोठून पडले होते."